पोटाचा फोटो

माझ्या भाच्याचा पहिला फोटो काढला तो पोटाचा. तोंडाचा काढावा असं आमच्या घरात कुणाच्या मनातही आलं नव्हतं. तो दीड वर्षाचा होता. नगरच्या एका खाजगी डॉक्टरांनी एक्स-रेच्या काळ्या फिल्मवर त्याच्या बरगड्या, मणके आणि उजव्या कुशीला एक पांढुरकी सावली उमटवून दिली. त्या सावलीपायी आमच्या घरात जे झालं त्याचा राग मला अजून आहे. लोक म्हणतात, वय झालं की राग निवतो. माझा निवलेला नाही, आणि निवावा अशी माझी इच्छाही नाही.

बहात्तरच्या दुष्काळातली गोष्ट. आमचं गाव जामखेड तालुक्यात, खर्ड्याच्या अलीकडे. जमीन होती, पण तिच्यात ढेकळांशिवाय काही उरलं नव्हतं. माझा थोरला भाऊ, दादा, आणि वहिनी दोघंही पाझर तलावाच्या कामावर जात. माझं मास्तरकीचं ट्रेनिंग नगरला नुकतंच संपलं होतं. नेमणुकीची वाट बघत मी घरी आले होते, आणि नुसतं बसून कोण खाऊ घालतंय, म्हणून मीही त्यांच्याबरोबर मातीच्या पाट्या उचलत होते. घरी आई आणि ते पोर. बैल आणि गाय छावणीत नेऊन बांधले होते. दारात एक शेळी तेवढी राहिली होती.

वहिनीला पुन्हा दिवस गेले होते. 'दुष्काळात तेरावा महिना' म्हणून तलावावरच्या बाया तिला चिडवायच्या आणि ती खाली मान घालून हसायची. पण दिवस राहिल्याचं कळल्याबरोबर आईने पोराला अंगावरून तोडलं. पोटुशीचं दूध पोराला बाधतं, ही आमच्याकडची पक्की समजूत. मग त्याला काय, तर मिलोची पेज. मिलो म्हणजे रेशनवर मिळणारी परदेशातली लाल ज्वारी. जिची भाकर आम्हा थोरांच्या घशाखाली उतरत नव्हती, तिचं पाणी दीड वर्षाच्या पोराने प्यायचं आणि वाढायचं.

आणि ते वाढायला लागलंही! गाल भरले, पावलं फुगली, मनगटाची हाडं दिसेनाशी झाली. दुष्काळात पोर बाळसं धरतंय म्हणून आईला कोण कौतुक. कौतुकापेक्षा भीती जास्त. नजर लागेल म्हणून तिने त्याला दाराआड ठेवलं. कपाळाला तीट, गालाला तीट, दिवेलागणीला मीठ-मिरच्या ओवाळून चुलीत टाकायच्या. शेजारीण डोकावली की आई चटकन त्याच्यावर पदर टाकी. चार लोकांनी त्याला नीट बघितलं असतं, तर एखाद्याने तरी विचारलं असतं की बाई, याचे केस असे तांबूस का झाले, पिंढरीवरची कातडी पापुद्र्यासारखी का सुटते? मी विचारलं तर आई म्हणाली, "ऊन लागलंय." त्याच्या पावलावर बोट दाबलं की खड्डा पडे आणि तो तसाच राही. त्यावरही तिच्याकडे उत्तर होतं. "मऊसूत हाय माजं सोनं."

ते हसत नव्हतं आणि रडतही नव्हतं. जिथे ठेवावं तिथे बसून राही, समोर बघत. आई सगळ्यांना सांगे, एवढं गुणाचं पोर तिने सात जन्मांत बघितलं नाही.

मग पोट आलं. उजव्या बरगडीखाली हाताला टणक लागायला लागलं, तेव्हा कुठे आई घाबरली. गावातल्या एका म्हाताऱ्याने बघून सांगितलं, पोटात डबा धरलाय, बिब्ब्याचे डाग द्या. पोराचं पोट असं टणक झालं की आमच्याकडे त्याला डबा म्हणतात आणि त्यावर डाग देतातच. कित्येकांच्या पोटावर ते वण मी बघितले आहेत. आई बिब्बा शोधायला उठलीसुद्धा. दादाने तिला अडवलं. एवढं एक त्याने बरं केलं, हे मला रागातही कबूल करावं लागतं. तो म्हणाला, "डागबिग काय न्हाई. नगरला नेऊन फोटू काढू. आत काय हाय ते तरी कळंल." यंत्रावर त्याचा देवापेक्षा जास्त विश्वास होता.

वहिनीला त्या दिवसांत एसटीचे धक्के नकोत, म्हणून मी पोराला मांडीवर घेऊन दादाबरोबर गेले. दवाखान्यात फोटो निघाला. फिल्म वाळेपर्यंत आम्ही बाकावर बसून राहिलो. मग कंपाउंडर बाहेर येऊन म्हणाला, "पोराच्या वडलांनी आत या. बाईमाणसांनी बाहेरच थांबा." मी ट्रेनिंग झालेली, चार पुस्तकं वाचलेली बाई, बाहेर. आत गेला तो माझा भाऊ. शिकलेल्या माणसासमोर उभा राहिला की काहीही सांगितलं तरी मान हलवणारा. दाराच्या फटीतून मला दिसत होतं. डॉक्टरांनी फिल्म खिडकीच्या उजेडात धरली होती, ते पेनाने त्या सावलीची कड दाखवत होते आणि दादाची मान वरखाली होत होती.

तो बाहेर आला. मी विचारलं, "काय म्हनले?"

"लिव्हर मोठं झालंय. चरबी भरलीय त्यात."

"मग खायला काय द्यायचं?"

"टॉनिक दिलंय की."

"आरं, पर खायला काय द्यायचं ते इचारलंस का?"

"डॉक्टरला काय आपन शिकवायचं?" तो म्हणाला.

मी उठून दारापाशी गेले. आत दुसरा पेशंट गेला होता. कंपाउंडरने दार माझ्या तोंडावर लावलं आणि आमची जामखेडची गाडी सुटायला आली होती.

घरी पोचल्यावर जे झालं ते सांगताना अजून माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते. दादाने बातमी सांगितली: लिव्हरात चरबी. आईने क्षणभर विचार केला आणि निकाल दिला, "चरबी खान्यानं हुती." झालं! पोराला खायला मिळत होतं ते काय, तर मी आणि वहिनी अधूनमधून शेळीचं घोटभर दूध पाजायचो. आणि तलावावर मजुरांना सुखडी, म्हणजे पिठाचा गोड सरकारी खाऊ, वाटायचे, त्यातली आपल्या वाटणीची वहिनी पदराच्या गाठीला बांधून आणायची आणि पाण्यात कालवून त्याला चारायची. ते सगळं आईने बंद केलं. दूध जड, सुखडी जड, शेंगदाण्याला तेल सुटतं म्हणून दाणे तर विषच. वरची निवळ पेज आणि साखरेचं पाणी, बाकी काही नाही. "चरबी झडूस्तवर पथ्य पाळायचं," आई म्हणाली. आजार म्हशीला आणि औषध पखालीला, असं आपण नुसतं म्हणतो. मी ते माझ्या घरात होताना बघितलं.

वहिनी एक शब्द बोलली नाही. सासूपुढे बोलायची आमच्या घरात रीतच नव्हती.

मी बोलले. मी भांडले, आदळआपट केली. पण माझ्याजवळ नुसता आवाज होता आणि दादाजवळ फोटो. तो त्याने तलावावर नेला. जेवणाच्या सुट्टीत बाया-बाप्ये गोळा झाले. मुकादमाने फिल्म उन्हासमोर धरली आणि त्या पांढुरक्या भागावर बोट ठेवून सगळ्यांना सांगितलं, "ही बगा चरबी. लोन्याचा गोळा हाय नुसता." सगळ्यांना दिसली. पांढरी ती चरबी, यात कुणाला शंका येणार? बोकड कापल्यावर प्रत्येकाने बघितलेली होती. फिल्म या हातातून त्या हातात गेली. कुणी च्यक् च्यक् केलं, कुणी म्हणालं, लाडानं पोर बिघडवलं. वहिनी बाजूला दगडावर बसली होती. तिच्याकडे बघून एक बाई म्हणाली, "लईच चारलंस गं." वहिनी त्या दिवशी जेवली नाही.

इथे मला मधेच आत्ताचं सांगायलाच हवं. मागे माझ्या पोटात दुखायला लागलं म्हणून नगरलाच सोनोग्राफी केली. डॉक्टर म्हणजे माझ्या नातीच्या वयाची मुलगी. पोटावर गार जेली लावून तिने यंत्र फिरवलं आणि पडदा माझ्याकडे वळवला. "काकू, तुमचं लिव्हर फॅटी आहे. हे बघा, शेजारच्या किडनीपेक्षा किती पांढरं दिसतंय. चरबी असली की आवाजाच्या लाटा जास्त परत येतात, म्हणून उजळ दिसतं." मी तिला विचारलं, साध्या एक्स-रेच्या फोटोत दिसते का ही चरबी? ती म्हणाली, "छे, त्यात लिव्हरची नुसती सावली. फार तर मोठं झालंय एवढं कळेल. आणि तसं बघितलं तर एक्स-रेत चरबी मांसापेक्षा काळपट उमटते. सीटी स्कॅनमध्येही फॅटी लिव्हर काळपटच दिसतं." म्हणजे आमच्या अख्ख्या तलावाने उन्हात धरून जे पांढरं बघितलं, ती चरबी नव्हतीच. ते नुसतं लिव्हर होतं. धडधाकट पोराच्या फोटोतही ते तसंच पांढुरकं दिसलं असतं. मी तिथे पडल्या पडल्या संतापाने थरथरायला लागले. त्या बिचारीने विचारलं, "काकू, जेली फार गार लागली का?"

माझी चरबी खाऊन-पिऊन झालेली आहे, तिचं मला काही नाही. मी त्या पोराचं सांगतेय.

पथ्य सुरू झालं आणि पोर आणखी फुगलं. डोळे बारीक झाले, पापण्या सुजून मिटायला आल्या. आता ते बसतही नव्हतं. टाकलं तिथे पडून राही. आई म्हणाली, चरबी झडायला वेळ लागतो.

मी तलावावर पाट्या टाकता टाकता दुसऱ्यांच्या पोरांकडे बघायला लागले. झाडाखाली, फाटक्या धडप्यांच्या झोळ्यांत, पोरं ठेवलेली असायची. त्यातली कितीतरी आमच्यासारखीच, तोंडं सुजलेली, केस तांबूस, गप्प. आणि मुकादमाची पोरं? ती काटकुळी, काळी, दिवसभर ढिगाऱ्यावरून घसरत बोंबलत असायची. त्यांच्या घरी दुभती म्हैस होती. मी पाटी खाली ठेवली. चरबी खाण्याने होत असेल तर ती मुकादमाच्या पोरांना व्हायला हवी. ज्यांच्या घरी सांजची चूल पेटत नाही, त्यांचीच पोरं फुगायला त्यांनी खाल्लं तरी काय होतं?

दुसऱ्या दिवशी घरात कुणाला न विचारता मी फोटो घेतला आणि नगरची एसटी धरली. या खेपेला कंपाउंडर "बाईमाणसांनी" म्हणेपर्यंत मी आत होते. फिल्म टेबलावर ठेवली आणि विचारलं, "ही चरबी कशानं झाली?"

डॉक्टरांनी चष्मा वर केला. आठवायला त्यांना थोडा वेळ लागला. मग म्हणाले, "अहो, उपाशी आहे ते पोर. अंगात प्रथिनं नाहीत. लिव्हरातली चरबी बाहेर वाहून न्यायला प्रथिनं लागतात. ती नाहीत, म्हणून चरबी तिथेच साठते. अंगावर दिसतं ते बाळसं नाही, पाणी आहे."

"हे या फोटोत दिसतं?"

"फोटोत कुठून दिसणार? त्याचे केस, कातडी, सूज बघूनच मला कळलं होतं. फोटो पोराच्या वडलांनी मागितला म्हणून काढला."

"मग खायला काय द्यायचं?"

"दूध, डाळ, दाणे, अंडी, मिळेल ते. थोडं थोडं, पुन्हा पुन्हा."

"हे माझ्या भावाला का सांगितलं नाहीत?"

ते खरंच गोंधळले. "त्यात सांगायचं काय? उपाशी पोराला खायला घालायचं, हे कळत नाही का माणसाला?"

माझं डोकं फिरलं. मी म्हणाले, "कळत नाही! उपाशी आहे हे सांगितलं असतंत तर कळलं असतं. तुम्ही चरबी सांगितलीत. पेनाने सावली दाखवायला वेळ होता तुम्हांला. एक वाक्य बोलायला वेळ नव्हता? त्या एका वाक्यावाचून आम्ही त्याचं दूध तोडलंय!" बाहेरचे पेशंट दारात येऊन उभे राहिले. डॉक्टर वाईट माणूस नव्हता, हेही मला माहीत आहे. त्याला आमचं घर माहीत नव्हतं, इतकंच. आणि इतकंच पुरे होतं.

घरी आल्यावर मी आईला सगळं सांगितलं. तिने ऐकून घेतलं आणि म्हणाली, "चरबीवर चरबी घालतीस व्हय गं? आमी काय पोराचं वैरी हाय?" दादा म्हणाला, "डॉक्टरनं मला एक सांगितलं, तुला दुसरं. फोटू खोटं बोलतो का?" मी त्यांच्याशी वाद घातला नाही. वाद घालून पोराच्या पोटात काही जाणार नव्हतं. मी वाटी घेतली, शेळी पिळली आणि वहिनीच्या पुढ्यात ठेवली. वहिनीने माझ्याकडे बघितलं, सासूकडे बघितलं नाही, आणि पोराला मांडीवर घेतलं.

सुरुवातीला ते तोंड उघडेना. बोटाने ओठ बाजूला करून चमचा चमचा सोडावं लागे, तेही निम्मं बाहेर. वहिनीने कामावर जाणं सोडलं. दाणे भाजून, कुटून, मी आणलेल्या सुखडीत कालवून ती दिवसभर त्याच्या मागे बसून राही. आई तिच्याशी बोलेनाशी झाली. मग पोर मुतायला लागलं. किती म्हणून मुतावं! अंगातलं सगळं पाणी सुटलं होतं. प्यायला पाणी टँकरचं आणि याची दुपटी धुवायची कशात? मी ती नुसती उन्हात वाळवत होते. घराला वास मारायला लागला आणि आई नाकाला पदर लावून आम्हा दोघींना शिव्या देत फिरत होती.

सूज उतरली, आणि मग खरी आफत आली. गाल बसले. पाय काटक्या झाले, मांड्यांची कातडी लोंबायला लागली, छातीच्या फासळ्या एक एक दिसायला लागल्या. आईने त्याला बघितलं आणि टाहो फोडला. "वाळवलं गं माजं पोर! बाळसं खाल्लं या दोघींनी!" शेजारणी धावल्या. इतके दिवस दाराआड ठेवलेलं पोर तिने स्वतः उचलून अंगणात सगळ्यांना दाखवलं. ज्याने त्याने तोंडात बोट घातलं. कुणी माझ्याकडे बघितलं, ते कसं बघितलं ते मी सांगणार नाही.

दादा तलावावरून आला. वहिनी पोराला घेऊन उंबऱ्याशी बसली होती आणि मी त्याला दूध पाजत होते. त्याने पोर बघितलं आणि माझ्या हातातली वाटी काढून घेतली. "बास झालं तुजं शिक्षान," तो म्हणाला. त्याचंही पोर होतं ते, हे मला तेव्हा दिसलं नाही, आणि दिसलं असतं तरी माझा राग कमी झाला नसता. एका हातात वाटी घेऊन दुसऱ्या हाताने त्याने शेळीचं दावं सोडलं. "ही आत्ताच्या आत्ता मामाकडं सोडून येतो. नको ते दूध आनि नको ती भानगड."

वहिनीने पोराला माझ्याकडे दिलं. सातवा लागला होता तिला, भिंतीला धरून उठली. अंगणात जाऊन तिने दादाच्या हातातलं दावं धरलं.

"शेळी हलायची न्हाई," ती म्हणाली.

आई ओरडली, "अगं, पोर बग कसं झालंय!"

"असंच हुतं ते, आत्याबाई. आधीपास्नं असंच हुतं. तुमाला आत्ता दिसाया लागलं."

लग्न होऊन ती आल्यापासून मी तिचा एवढा मोठा आवाज ऐकला नव्हता. दादा एका हातात वाटी आणि दुसऱ्या हातात निम्मं दावं घेऊन उभा राहिला.

तेवढ्यात माझ्या मांडीवरचं पोर हललं. ते वाटीकडे बघत होतं. वाटी दूर गेली होती, दादाच्या हातात, आणि ती परत येत नव्हती. त्याचा चेहरा आवळला, ओठ थरथरले आणि त्याने भोकाड पसरलं. किती महिन्यांनी! त्या काटकुळ्या छातीतून एवढा आवाज निघेल असं मला वाटलं नव्हतं. लाल झालं, पाय झाडले, माझ्या हाताला चावलं. रागावलं होतं ते, चांगलं सणकून रागावलं होतं.

दादाच्या हातून दावं सुटलं. तो माझ्यासमोर मातीत बसला आणि त्याने वाटी पोराच्या तोंडाला लावली. पोराने ती दोन्ही हातांनी धरली, गटागटा संपवली, पालथी करून चाटली आणि पुन्हा तोंड वासलं. त्याला आणखी हवं होतं. वाटीत काही नव्हतं, घरात काही नव्हतं आणि शेळी सकाळीच पिळून झाली होती. संध्याकाळची धार निघेपर्यंत ते ओरडत राहिलं, आणि घरातल्या एकानेही त्याला गप्प केलं नाही.